काढून टाक

अड्याळच्या बसस्टँडसमोर खेमराजचं दुकान आहे. पाटीवर अजून 'गाणे भरून मिळतील' असं लिहिलेलं दिसतं. उन्हाने अक्षरं उडाली आहेत. आता गाणे भरायला कोणी येत नाही. लोक फुटलेली काच बदलायला येतात, रिचार्ज मारायला येतात, पीकविम्याचा फॉर्म भरायला येतात. पाटी बदलायचं खेमराजने मनावर घेतलं नाही.

मेमरी कार्डाच्या दिवसांत या दुकानासमोर सायकली उभ्या राहायला जागा नसायची. नखाएवढं कार्ड लोक रुमालाच्या गाठीत बांधून आणत. गाठ सोडायची, कार्ड काउंटरवर ठेवायचं आणि म्हणायचं, "खेमराज, दंडारीचे गाने काढून टाक."

दंडार म्हणजे इकडचं नाचगाण्याचं लोकनाट्य. काढून म्हणजे कॉम्प्युटरमधून काढून. टाक म्हणजे कार्डात टाक. दिवसभर हाच शब्द कानावर पडायचा. लग्नाचे काढून टाक. भजनं काढून टाक. रोवण्याच्या, म्हणजे धानाच्या लावणीच्या दिवसांत बायांना घाई असायची. "भाऊ, पटकन काढून टाक गा, गाडी सुटते." खेमराजच्या जिभेवरही तो शब्द बसला. गाणं हवं असलं की काढून टाक. दुसरा शब्द त्याला कधी लागलाच नाही.

खेमराज आता चाळिशीचा आहे. अंगाने बारीक. शर्टाच्या खिशाला टेस्टर अडकवलेला. पवनीला आयटीआय केलं, कॉम्प्युटरचा नाद तिथेच लागला. घर गावाच्या टोकाला, बोडीच्या पाळीला लागून. बोडी म्हणजे शेताला पाणी पुरवणारं लहान तळं, पाळ म्हणजे त्याचा मातीचा बांध. घरात बायको रेणू आणि बाप वासुदेवराव.

वासुदेवराव एकेकाळचे नावाजलेले धुरकरी. शंकरपटात, म्हणजे छकडीच्या शर्यतीत, बैलांची जोडी हाकत. छकडीवर उभे राहिले की माणूस नाही, खुंटा वाटायचा, असं जुने लोक सांगतात. त्यांची बायको मनकर्णाबाई रोवण्याचे गाणे म्हणायची. बांधीत, म्हणजे धानाच्या वाफ्यात, ती एक ओळ घ्यायची आणि वाकलेल्या सगळ्या बाया ती ओळ उचलायच्या. नवरा हाकेचा, बायको गाण्याची. घरात भांडण झालं तर चार घरांना ऐकू जायचं.

मनकर्णाबाई गेली आणि वासुदेवरावांचं एकेक सुटत गेलं. आधी नावं सुटली. मग वाटा सुटल्या. मग बायको मेली, हेही सुटलं.

दिवस कलला की ते उठायचे. "मनकर्णा रोवण्यावरून आली नाही अजून," असं म्हणत चपला शोधायचे. रोवणा आटोपला की ती बोडीवर हातपाय धुऊन घरी यायची. म्हणून ते बोडीकडे निघायचे. अडवलं तर हात उगारायचे. एकदा कोणाच्या लक्षात आलं नाही. शेजारचा धनीराम बैलांना पाणी पाजायला गेला होता. त्याला म्हातारा गळ्याएवढ्या पाण्यात दिसला. धनीरामने अंगावरच्या कपड्यांनिशी उडी मारली.

"आवाज देऊन राहिले होते," धनीराम नंतर म्हणाला. "मनकर्णा, मनकर्णा. मीच भेलो. वाटलं, बुढी आता ओ देते का काय."

डॉक्टरने गोळ्या दिल्या. गोळ्यांनी म्हातारा दुपारी झोपायचा आणि संध्याकाळी ताजातवाना उठून बोडीकडे निघायचा.

उपाय सापडला तो ध्यानीमनी नसताना. खेमराजची बहीण शोभाताई लाखांदूरला दिलेली. तिची पोरगी मोनिका पुण्याला नोकरी करते. आजी असताना एका पावसाळ्यात मोनिकाने आजीचं गाणं फोनमध्ये घेतलं होतं. पुढे ते तिने गाण्यांच्या एका ॲपवर चढवलं. शोधलं की सापडायचं.

*बांधी बांधी पानी भरलं, सई,*
*पऱ्ह्याचं माहेर आज सरलं, सई.*

पऱ्हे म्हणजे धानाची रोपं. एका बांधीतून उपटायची, दुसरीत लावायची. गाणं एवढंच होतं, फिरून फिरून. पण ते संपल्यावर मोनिकाने रेकॉर्डिंग लगेच थांबवलं नव्हतं. त्यामुळे शेवटी मनकर्णाबाईचं साधं बोलणं राहून गेलं होतं.

"झालं ना वो पोरी? चाल आता घरी. बुढा वाट पाहून राहिला असन."

एका संध्याकाळी खेमराजने ते असंच लावलं. वासुदेवराव चपला घालत होते. गाणं ऐकून थांबले. शेवटचं बोलणं आलं. त्यांनी चपला काढल्या आणि खाटेवर जाऊन बसले.

"घरीच थांबा मनते," ते रेणूला म्हणाले. "येऊन राहिली."

मग वाट पाहता पाहता जेवले. वाट पाहता पाहता झोपले.

दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी तेच. रेणूला कितीतरी दिवसांनी नीट झोप लागली.

बोडीजवळच्या घरात रेंज येत नाही. पण ॲपमध्ये गाणं फोनवर ठेवून घ्यायची सोय होती. खेमराजने एक जुना फोन घरासाठी दिला. गाण्याच्या नावासमोरचा बाण दाबला. बाणाभोवतीचं वर्तुळ भरत गेलं, पूर्ण झालं. गाणं नेटशिवाय वाजू लागलं. अर्ध्या तालुक्याची कार्डं ज्याने भरली, त्याला वाटलं, गाणं आता आपल्या घरात आलं.

ते घरात आलं नव्हतं. भाताच्या कापणीच्या सुमारास एका संध्याकाळी रेणूने बटण दाबलं तर गाणं वाजेना. बरेच दिवस नेटवर आला नाहीत, एकदा नेटवर या, असं ॲप सांगत होतं. वासुदेवराव दारात पोचले होते. खेमराजने त्यांना मागून कवेत धरलं. रेणू फोन घेऊन पाळीवर पळाली. पाळीच्या उंचवट्यावर, पळसाच्या झाडाखाली, एक काडी रेंज मिळते. गाणं सुरू झालं. ती चढ्या आवाजात गाणं वाजवतच खाली धावत आली, तेव्हा बाप-लेक दोघेही उंबऱ्यावर पडलेले होते.

त्या दिवशी जेवताना रेणू म्हणाली, "हे भाड्याचं गानं हाय. मालक कवाही घर खाली करा मनन."

"दर दोन-तीन दिवसांनी नेटवर नेत जा. बंद नाही होत मंग."

"नेतो ना मी. फोनले हवा चारून आणतो. पन तुमी साऱ्या गावाचे कार्ड भरले, घरचं एक गानं भरता नाही येत?"

खेमराजला ते लागलं. दुसऱ्या दिवशी दुकानात त्याने तो फोन लॅपटॉपला जोडला आणि आत शिरून पाहिलं. गाण्याच्या नावाची फाइल नव्हती. तुकडे होते, बिननावाचे. ते त्या ॲपशिवाय कशातच वाजत नव्हते. कुलूप ॲपचं, किल्ली ॲपची, खोका तेवढा आपला.

त्याने ठरवलं. बटणवाला लहान स्पीकर घ्यायचा, त्यात कार्ड घालायचं, कार्डात खरंखुरं गाणं. नेट नको, ॲप नको. बापाच्या उशाशी ठेवायचं. खरं गाणं मोनिकाजवळ असणारच. त्याने गिऱ्हाइकाची काच बसवता बसवता तिला मेसेज टाकला.

"मोनिका मायचा गाना काढून टाक. लवकर. बाची हालत खराब हाय."

संध्याकाळी उत्तर आलं. "हो मामा. आजच करते. पूर्ण व्हायला तीन-चार दिवस लागतील म्हणतात."

कुरियरने कार्ड पाठवत असेल, असं खेमराजला वाटलं. पोरगी गुणाची. त्याने नवा स्पीकर आणला, त्याला रेणूच्या जुन्या साडीच्या काठाचा पट्टा लावला, म्हणजे म्हाताऱ्याला गळ्यात अडकवता येईल.

चौथ्या दिवशी दुपारी रेणू फोन घेऊन पाळीवर गेली. गाण्याला कुलूप लागू नये म्हणून. पळसाखाली उभी राहिली, काडी आली, फोनमध्ये काहीतरी फिरलं. ती खाली आली आणि धान वाळवायला लागली.

दिवस कलला. तिने बटण दाबलं. गाण्याचं नाव फिकट झालं होतं, राखेसारखं. तिने पुन्हा दाबलं. खाली एक ओळ आली. हे गाणं आता उपलब्ध नाही.

रेणूने हाक मारली. धनीराम धावत आला. खेमराज दुकानातून येईपर्यंत धनीरामच्या मनगटावर दात उमटले होते. वासुदेवराव खाटेला बांधल्यासारखे दोघांच्या हातात अडकले होते आणि लहान मुलासारखे रडत होते.

"ते पान्यात उभी हाय. सोडा ना गा. मी काय वाईट केलं तुमचं?"

खेमराज रेंज शोधत रस्त्यापर्यंत धावला. मोनिकाने दुसऱ्या रिंगला फोन उचलला.

"मोनिका, गाना कोठी गेला?"

"कुठलं मामा?"

"मायचा. ॲपमंदी दिसून नाही राहिला."

"काढलं ना. तुम्हीच तर म्हणालात, काढून टाक."

रस्त्यावरून एसटी गेली. ती जाईपर्यंत खेमराज थांबला.

"काढून... टाक, म्हटलं होतं मी," तो म्हणाला. "टाक. कार्डात."

"कार्डात असं कुठे होतं मामा?"

नव्हतं. अड्याळात ते लिहावं लागत नाही.

मोनिका पुण्यात वाढलेली नाही, पण मेमरी कार्डाचे दिवस तिने पाहिले ते शाळेच्या वयात, लाखांदूरला. शोभाताईने तिला फोन हातात दिला तोवर ते दिवस संपले होते. तिच्यासाठी काढून टाक म्हणजे पुसून टाक. त्यात मागचं एक होतं. आईचं गाणं कोणीही ऐकतं, भाजीवालीच्या फोनवरही आई गाते, हे शोभाताईला खपत नव्हतं. "मायचा आवाज कायले जगाले वाटून राहिली?" असं ती लेकीला चार लोकांत बोलली होती. खेमराज तिथे होता. तो तेव्हा चहा पीत राहिला.

"मला वाटलं, तुम्हीही आता आईसारखंच..." मोनिका बोलत होती. "आजोबांची हालत खराब आहे म्हणालात. वाटलं, आजीचा आवाज ऐकून त्यांना त्रास होत असेल."

"तुह्याजोळ असन ना मूळचा?"



"नाही मामा. लॅपटॉपमधूनही पुसलं. फोल्डरवर आजीचा फोटो होता. मी परत परत उघडत बसले असते. तो फोन तर केव्हाच गेला." मग ती रडायला लागली. "मी ॲपवाल्यांना लिहिते. आत्ताच लिहिते."

"रडू नको," खेमराज म्हणाला.

तिने लिहिलं. ॲपवाल्यांचं उत्तर सभ्य होतं. तुम्हीच मागे घेतलेलं गाणं आम्ही परत देऊ शकत नाही. शोभाताईचा फोन आला. "मी तं नुसती बोललो होतो गा. बोलनं अन् करनं एक असते का?" मग आवाज खाली आणून तिने विचारलं, "तुह्याजोळ तरी असन ना? तुह्याजोळ साऱ्याईचे गाने राहते." खेमराजने फोन ठेवून दिला.

रोजची संध्याकाळ आता अशी. एकाने दारात उभं राहायचं, एकाने हात धरायचे. रेणूच्या दंडावर काळेनिळे डाग आले. तिने लांब बाह्यांचं पोलकं घातलं आणि कोणाला काही सांगितलं नाही. एकदा तिनेच ते गाणं म्हणून पाहिलं. वासुदेवरावांनी तिच्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "बाई, तुमी कोनाच्या? अंधार पडून राहिला, घरी जा."

धनीराम दुकानात येऊन बसला होता. मनगटाला पट्टी. त्यालाच ते आठवलं.

"काहून बे, तुह्या पटात बुढी गात होती ना?"

"कोन्या पटात?"

"कॉम्प्युटरच्या. जोडी जितली का मनकर्णाबाई गात होती. विसरला का?"

खेमराज स्टुलावरून उठला.

कोर्टाने शंकरपट बंद केले, त्या काळची गोष्ट. गावात पट नाही तर कॉम्प्युटरवर तरी, म्हणून खेमराजने खटपट करून एक गेम बनवला होता. दोन बैल, मागे छकडी, सरळ दाणीवरून धावायचं. दाण म्हणजे पटाची धाव. गेममधल्या वस्तूंना वजन देणारं, त्यांना पाडणारं, उसळवणारं एक सॉफ्टवेअर लागायचं. फिजिक्सचं. तेव्हाही ते जुनंच होतं, पण फुकट होतं आणि त्याच्या खटारा कॉम्प्युटरवर चालायचं. वासुदेवराव दुकानात बसून पाहायचे आणि नावं ठेवायचे. "तुह्या बैलाले वजनच नाही गा. वाऱ्याने उडते का काय?" खेमराज आकडे बदलायचा. बैल जड व्हायचे. "आता भरला," बाप म्हणायचा. जोडी दाण पार झाली की गाणं वाजावं म्हणून त्याने माईला दुकानात आणून तिच्याकडून दोन ओळी म्हणून घेतल्या होत्या. माय तेव्हा लाजली होती. बाजूला पोरं उभी होती.

तो कॉम्प्युटर केव्हाच भंगारात गेला. त्याची हार्डडिस्क मात्र खेमराजने ठेवली होती. ठेवायची सवय होती म्हणून. माळ्यावरच्या खोक्यात चार्जरांच्या गुंत्याखाली ती सापडली. लॅपटॉपला जोडली. कुरकुरली आणि फिरली. फोल्डर होतं. 'पट'.

गाणं वेगळं नव्हतं, गेमच्या एकाच मोठ्या फाइलमध्ये शिजवलेलं होतं. गेम चालायला हवा. जोडी जिंकायला हवी. तेव्हाच माय गाणार.

त्याने दोनदा दाबलं. गेम उघडला नाही. फिजिक्सची जुनी आवृत्ती हवी, असं सांगत होता. खेमराजने ती शोधली. बनवणाऱ्यांच्या पानावर नवीच होती. नवी टाकली तर गेम तिला ओळखेना. परदेशातल्या कोणा हौशी माणसाने जुन्या गेमांसाठी जुनी आवृत्ती जपून ठेवली होती, ती मिळाली. ती बसेना, कारण नवी आधीच बसली होती. नवी उपटली. जुनी लावली. धनीराम चहा घेऊन आला, चहा थंड झाला, शटरसमोर गिऱ्हाइकं येऊन परत गेली.

गेम उघडला. दाण दिसली. मातीचा रंग, दोन्ही बाजूंना माणसांच्या नावाखाली उभ्या काड्या. जोडी उभी होती.

"हे पाय!" धनीराम ओरडला. "हाक, हाक!"

खेमराजने बटण दाबलं. बैलांनी एक पाऊल टाकलं आणि आभाळात गेले. छकडी त्यांच्यामागे. गरगर फिरत वर, वर, आणि मग पडदा निळा रिकामा.

पुन्हा. पुन्हा आभाळात.

खेमराज हसला. धनीरामला ते हसणं आवडलं नाही.

त्याला कारण माहीत होतं. त्याच्या गेमात वेळेचं माप नव्हतं. जेवढा कॉम्प्युटर पळेल तेवढे बैल पळायचे. जुना खटारा कसाबसा चालायचा, म्हणून बैल जमिनीवर होते. हा लॅपटॉप कितीतरी पट पळत होता. उसळी एवढी बसायची की वजन पुरायचं नाही. गेममधले आकडे बदलता आले असते, पण ते ज्या मूळ फाइलीत बदलायचे ती डिस्कवर खराब झाली होती, उघडत नव्हती.

त्याने डोकं धरलं. धनीराम बोलायचं म्हणून बोलला, "जुन्या टैमले बैल उलट बसून जायचे. तू कार्ड भरायले घेतले का बैल चालतच नसे. आमी शिव्या देऊन राहायचो तुले."

खेमराजने मान वर केली. लॅपटॉपला दमवायचं.

ड्रॉवरमध्ये कार्ड रीडर पडून होते. कार्डं पडून होती, लोकांनी न नेलेली. त्याने जेवढी भोकं होती तेवढ्यांत रीडर खुपसले. सगळ्या कार्डांवर सगळी गाणी एकदम भरायला लावली. वर व्हिडिओ बारीक करायचं काम लावलं, एकावर एक, जेवढी जातील तेवढी. लॅपटॉपचा पंखा चक्कीसारखा घोंगावायला लागला. पडद्यावरचा बाणसुद्धा खुरडत चालू लागला. किती वर्षांनी त्या दुकानात गाणे भरले जात होते, आणि ते कोणासाठीच नव्हते.

त्याने जोडी हाकली. बैल उसळले, पण खाली आले. छकडी डावीकडे कलली, सावरली. धनीरामने काउंटर धरलं. जोडी खुरडत, थांबत, धापा टाकत दाणीच्या शेवटापर्यंत गेली आणि पार झाली.

"हुर्रर! हाण रे! जितली, जितली!" स्पीकरमधून आरडाओरडा आला. त्या आरडाओरड्याखाली, दूर, कोणीतरी विहिरीतून गावं तसं, *बांधी बांधी पानी...*

"हे कोन बोंबलून राहिलं मधात?" धनीराम चिडला. मग त्याने पुन्हा ऐकलं. त्याचा चेहरा उतरला. "मीच होय बे हा."

त्याचाच आवाज होता, जवान. माय गात असताना तो आणि बाकीची पोरं जिंकल्याचा जल्लोष करत होती. तेव्हा खेमराजला ते मस्त वाटलं होतं, खऱ्या पटासारखं. त्याने काहीच कापलं नव्हतं. आता माईच्या दोन ओळींतला अर्धा भाग हुर्ररच्या खाली होता, आणि लॅपटॉप दमलेला म्हणून आवाज तुटत होता. *पऱ्ह्याचं मा... हेर... आज...*

"माफ कर गा," धनीराम म्हणाला.

"तुले काय ठाऊक होतं."

खेमराजने ते उतरवून घेतलं. कार्डात टाकलं. एक नाही, दोन कार्डांत. साडीच्या काठाचा पट्टा लावलेला स्पीकर घेऊन तो दिवस कलायच्या आत घरी गेला. रेणूला सांगितलं नाही. ती भांडी घासणं थांबवून भिंतीला टेकून उभी राहिली.

वासुदेवराव चपला शोधत होते. खेमराजने बटण दाबलं.

आरडाओरडा झाला. म्हाताऱ्याची मान वर आली. हुर्ररखालून तो आवाज आला, तुटका, बारीक. वासुदेवरावांचा चेहरा हळूहळू उघडत गेला. एवढा उघडलेला चेहरा खेमराजने माईच्या मरणानंतर पाहिला नव्हता. त्याला वाटलं, जमलं. त्याने रेणूकडे पाहिलं.

"आली," वासुदेवराव म्हणाले. "बोडीवर हाय."

आणि चपला न घालताच निघाले, नेहमीपेक्षा भरभर.

बरोबरच होतं. या गाण्याच्या शेवटी कोणी घरी चाल म्हटलं नव्हतं. बुढा वाट पाहत असेल, असं कोणी म्हटलं नव्हतं. माईने पोरांसमोर लाजत दोन ओळी म्हटल्या होत्या आणि दुकानातून निघून गेली होती.

खेमराज मागे धावला. दारात त्याने बापाचा दंड धरला. ओढायला म्हणून धरला आणि ओढलं नाही. रोज ओढून पाहिलं होतं.

"अवो, तिकडे कोठी नेता त्याहिले?" रेणू ओरडली.

"चालू दे."

दोघे पाळ चढले. दुसऱ्या बाजूने उतरले. पाणी खाली गेलं होतं, काठाला चिखल होता. वासुदेवराव थांबले नाहीत. खेमराजही थांबला नाही, दंड घट्ट धरून त्यांच्याबरोबर शिरला. पाणी गार होतं. कमरेला लागलं तेव्हा त्याने पाय रोवले. बाप तिथेच अडकला.

"मनकर्णा!"

बगळे उडाले. पलीकडच्या पाळीवरून हाक परत आली.

"मनकर्णा वो!"

तिसऱ्या वेळी खेमराजनेही हाक मारली. "माय!" कशी निघाली, त्याला कळलं नाही. पाळीवर रेणू येऊन उभी राहिली होती. तिने तोंडावर पदर धरला.

पाणी हलायचं थांबलं. वासुदेवरावांनी बराच वेळ पाहिलं. मग मान वळवून आपला दंड धरणाऱ्या हाताकडे पाहिलं, मग वर.

"तू कोनाचा गा?"

"वासुदेवरावचा."

"धुरकऱ्याचा?"

"हो."

"मंग इथं पान्यात काय करून राहिला?" बापाचा आवाज चढला, जुना, पटातला. "चाल घरी. तुही माय वाट पाहून राहिली असन."

हे बोलणं उतरवून घ्यायला खेमराजचा मोकळा हात खिशाकडे गेला. खिसा ओला होता आणि रिकामा. फोन घरी होता, स्पीकरजवळ.

"बा," तो म्हणाला. "काय म्हटलं आता? आनखी एकदा मना ना."

वासुदेवराव काठाकडे निघाले होते. चिखलात पाय जपून टाकत, लेकाच्या हाताचा आधार घेत. ते थांबले आणि त्यांनी आठवून पाहिलं.

"मी?" ते म्हणाले. "मी कोठी काय म्हटलो?"